टाकीवरची लाल ओढणी

हेमांगीच्या बॅगेत दोन लाल ओढण्या होत्या. अगदी सारख्या, काठाला बारीक आरसे लावलेल्या. जळगावच्या फुले मार्केटमध्ये आईला दुकानामागून दुकानं फिरवून, आईच्या पायाचे तुकडे पाडून तिने त्या मिळवल्या होत्या. एक तिची आणि एक सुलक्षणाची.

सुलक्षणा तिच्या मामाची मुलगी, वयाने तिच्याएवढीच. सोनगीरच्या पुढे हायवे सोडून आत वळलं की निंबझरी लागतं, तिथे राहणारी. हेमांगी पिंप्राळ्याची, म्हणजे शहरातली, पण दर आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, ती मामाकडे येणार हे ठरलेलं. आणि आखाजीच्या दुसऱ्या दिवशी गौराई नाल्यात बोळवून आलं, की मोठ्या लिंबाला बांधलेल्या झोक्यावर पहिला झोका ह्या दोघींचा, हेही ठरलेलं. समोरासमोर उभं राहायचं, चार पावलं एका फळीवर, आणि असा झोका चढवायचा की खालच्या बायकांनी डोळ्यांवर हात घ्यावेत. निंबझरीत पहिला झोका ज्या दोघींचा, त्यांना गाव वर्षभर जोडी म्हणतं. दुकानात एक गेली तरी दुकानदार विचारतो, दुसरी कुठंय?

ह्या वर्षी त्या झोक्यावर लाल ओढण्या उडणार होत्या. हेमांगीने मनात ते दृश्य इतक्या वेळा पाहिलं होतं, की आता फक्त ते व्हायचं बाकी होतं.

फाट्यावर ती बसमधून उतरली, तर सुलक्षणा मामाची स्कूटी घेऊन उभी. इथपर्यंत छान. पण स्कूटीवर मागे आणखी एक मुलगी बसलेली होती. उंच, सावळी, शांत. दोघींच्या केसांना सारखेच निळे रबर.

"ही चारू," सुलक्षणा म्हणाली, जणू सूर्य दाखवावा तशी. "चारुलता. कुसुमखेड्याची. मी फोनवर सांगत असते ना, ती."

सांगत असते म्हणे. फोनवर दुसरं काही असायचं का? चारूने हे केलं, चारू असं म्हणाली, चारूला गणितात पैकीच्या पैकी. कुसुमखेडं म्हणजे निंबझरीच्या नाल्यापलीकडचं गाव. दोघी नववीपासून सोनगीरला एका शाळेत, एका बाकावर. स्कूटीवर तिघी बसल्या. सुलक्षणा पुढे, चारुलता मधे, आणि आपली हेमांगी सगळ्यात मागे, अर्धी हवेत, मांडीवर बॅग आणि बॅगेत दोन ओढण्या. मधली जागा किती महत्त्वाची असते हे मागे बसल्याशिवाय कळत नाही. दोघींचं बोलणं वाऱ्यावर पुढे जात होतं, मागे फक्त हसणं येत होतं.

ओढणी त्या दिवशी बॅगेतून निघाली नाही. दुसऱ्या दिवशीही नाही.

आता हेमांगीबद्दल एक सांगायला हवं. ह्या वर्षी ती कोणी साधीसुधी मुलगी नव्हती. जळगावच्या वक्तृत्व स्पर्धेत तिने पहिलं बक्षीस मारलं होतं. विषय तिनेच निवडलेला: चुकून होणारं अणुयुद्ध. शाळेतल्या बाकीच्या मुली झाडं आणि मोबाइलचे दुष्परिणाम यांवर बोलल्या, आणि ही बोलली अण्वस्त्रांवर. घरोघरी टीव्हीवर सारख्या युद्धाच्या बातम्यांच्या लाल पट्ट्या धावत होत्या, लोक भोंग्यांच्या सरावाबद्दल बोलत होते, म्हणून परीक्षकही सरसावून बसले. टाळ्या अशा पडल्या की हेमांगीला त्यानंतर कुठल्याच खोलीत गुपचूप शिरता येईना.

निंबझरीत दुपारी ओट्यावर कुरडया वाळत होत्या, गल्लीतल्या पोरी राखणीला बसल्या होत्या, तिथे तिने ते भाषण पुन्हा केलं. कोणी फार आग्रह केला होता असं नाही. अमेरिकेत सैन्याच्या तयारीच्या पाच पायऱ्या असतात, तिने सांगितलं. पाच म्हणजे सगळं शांत, एक म्हणजे युद्ध दारात. एकेक पायरी उतरायची. पण आपण उतरलो की समोरचा बघतो आणि तोही उतरतो. मग त्याचं बघून आपण. भांडायचं कुणालाच नसतं, तरी दोघंही तळाशी येऊन उभे. एकदा उत्तरेकडच्या बर्फातल्या रडारला उगवता चंद्र दिसला आणि यंत्र म्हणालं, क्षेपणास्त्रं आली. आणि एकदा तर अस्वल. बासष्ट साली, दोन बड्या देशांचं फार ताणलेलं असताना, अमेरिकेतल्या एका तळाच्या कुंपणावर रात्री कोणीतरी चढताना पहारेकऱ्याला दिसलं. त्याने गोळी झाडली, धोक्याची घंटा दाबली. दुसऱ्या एका तळावर भलतीच घंटा वाजली, आणि वैमानिक अणुबॉम्ब लावलेल्या विमानांकडे धावले. विमानं सुटणारच होती. तेवढ्यात कळलं की कुंपणावर चढलेलं अस्वल होतं. सांगणार कसं? एक अधिकारी मोटार घेऊन सरळ धावपट्टीवर घुसला आणि दिवे उघडझाप करत विमानांसमोर गेला.

इथे हेमांगी अस्वल व्हायची, मग पहारेकरी, मग मोटार. दोन्ही हातांनी दिवे उघडायची, मिटायची. पोरी हसून लोळल्या. धाकट्या सविताने पुन्हा अस्वल कर म्हणून हट्ट धरला.

सुलक्षणा हसली, पण ओळखीचं हसली.

"मी पाहिलंय हे," ती म्हणाली. "तू व्हिडिओ पाठवलेलास ना. चारूला पण दाखवला."

चारूला काय वाटलं, असं हेमांगीने विचारलं नाही. म्हणजे, आधी दोन कुरडया उलटवल्या, आणि मग विचारलं.

"तिला आवडला. फक्त म्हणाली, हातवारे फार करते."

आता सांगा. पहिलं बक्षीस मिळालेल्या भाषणाला कुसुमखेड्याच्या पोरीने एका वाक्यात निकालात काढलं, आणि ते वाक्य सुलक्षणाने जपून ठेवलं आणि आणून दिलं. हेमांगीचे हात त्या संध्याकाळी जेवतानासुद्धा मांडीवरून हलले नाहीत. मामीने विचारलं, हात दुखतोय का.

मग तिने सरळच विचारून टाकलं. दोघी गच्चीवर पापड गोळा करत होत्या. पहिला झोका आपलाच ना?

सुलक्षणाने एक पापड मोडला, त्याचा तुकडा तोंडात टाकला आणि म्हणाली, "बघू."

नाही म्हणाली असती तर भांडता आलं असतं. हो म्हणाली असती तर ओढणी काढता आली असती. बघू ह्या शब्दाचं काय करायचं? हेमांगीला अचानक वाटायला लागलं की कुसुमखेडं हे गाव मुळातच बरं नाही.

तसं वाटायला निंबझरीत सोयही आहे. आखाजीच्या दुसऱ्या दिवशी दोन्ही गावांच्या बायका गौराई घेऊन नाल्यावर येतात, आणि गौराई बोळवली की नाल्याच्या दोन काठांवर उभ्या राहून एकमेकींना शिव्या घालतात. अगदी कमरेला पदर खोचून, सुरात. तुमच्या गावची सून गिरणीत दळायला गेली नि पिठाच्या डब्यातच झोपली. तुमचा जावई रुसला नि म्हशीच्या गोठ्यात जेवला. शिव्यांना रंग चढला की एकमेकींवर मातीची ढेकळं फेकायची. ढेकळंच, तीही नाल्यातली भुसभुशीत, हातात घेतली की निम्मी विरघळणारी. दगड नाही. आणि एक नियम असा, की त्या दिवशी सूर्य उगवल्यापासून शिव्या संपेपर्यंत दोन्ही गावांत अबोला. एरवी रोज ये-जा, सोयरीक, उसनवारी. पण त्या दिवशी नाला ओलांडायचा नाही, फोनसुद्धा करायचा नाही. शिव्या ताज्या राहाव्यात म्हणून.

निंबझरीची शिव्यांची म्होरकी द्रौपदाबाई. सगळं गाव तिला अक्का म्हणतं. तिकडची म्होरकी बेबाबाई, जी अक्काची सख्खी नणंद. दोघी वर्षभर एकमेकींच्या गुडघ्यांची चौकशी करतात आणि ह्या एका दिवशी एकमेकींच्या सात पिढ्यांची धुलाई.

हेमांगीने पोरींना गोळा केलं आणि सांगितलं की ह्या वर्षी आपण तयारीने जायचं. गेल्या वर्षी कुसुमखेड्याने आधी ढेकळं टाकली, आपल्या ढेकळांच्या टोपल्या घरूनच येत होत्या, आठवतंय? पोरींना आठवत होतं. मग तिने पाच पायऱ्या मांडल्या. नाल्याकाठच्या पाण्याच्या टाकीच्या जिन्यावर आपला पहारा. पाच ओढण्या. पांढरी म्हणजे पाच, सगळं शांत. मग पिवळी, मग हिरवी; हिरवी दिसली की टोपल्या काठावर. मग निळी, निळी दिसली की सगळ्यांनी काठावर, हातात माल. आणि शेवटची लाल. लाल दिसली की टाकायचं, कोणाचीही वाट बघायची नाही.

लाल ओढणी कोणाकडे नव्हती. हेमांगी म्हणाली, माझ्याकडे आहे.

पोरींना हे खेळापेक्षा भारी वाटलं. अक्काला मात्र ते पटलं नाही. ती पुरण वाटत होती, हात थांबवून म्हणाली, "टोपल्या घरमाच राहू दे, पोरी. देवनं काम व्हई जाऊ दे, मंग आनसूत." म्हणजे टोपल्या घरात, आणि गौराई बोळवल्याशिवाय बाहेर नाही. जसं चालत आलंय तसं.

हेमांगीने तिला समजावलं की त्यात वेळ जातो. आणि इथे एक गंमत होती, जी तिला तेव्हा दिसली नाही. तिच्याच भाषणात एक वाक्य होतं, की काही देश म्हणे बॉम्ब एका ठिकाणी ठेवतात आणि क्षेपणास्त्र दुसऱ्या ठिकाणी, मुद्दामच, म्हणजे रागाच्या भरात लगेच काही करता येऊ नये. जोडेपर्यंत डोकं थंड होतं. त्या वाक्यावर तिने हात असे लांब नेले होते, दोन दिशांना. पण भाषण वेगळं आणि चारुलता वेगळी. अक्काला वीस जणांचं पुरण वाटायचं होतं. करा काय करायचं ते, असं म्हणून ती पाट्यावर वाकली.

अबोल्याच्या दिवशी सकाळी सुलक्षणा घरात नव्हती.

मामीने सांगितलं, उजाडायच्या आत गेली, कुठे ते सांगितलं नाही, निळा ड्रेस घालून गेली. हेमांगी लिंबाखाली गेली, देवळात गेली, विहिरीवर गेली. झोका बांधून तयार होता, फळीला हळदीकुंकू लावलेलं. सुलक्षणा कुठेच नव्हती. मग उरलं काय? नाल्यापलीकडचं गाव. ज्या दिवशी कोणीच जात नाही, नेमक्या त्या दिवशी.

हेमांगी टाकीच्या जिन्यावर जाऊन बसली तेव्हा तिच्या डोळ्यांत ऊन येत होतं. पांढरी ओढणी कठड्याला बांधलेली, बाकीच्या मांडीवर. खाली सविता निरोप्या म्हणून उभी.

आधी तिला दिसलं, की कुसुमखेड्याच्या काठावर बायका नाहीत. दर वर्षी ह्या वेळी त्या झाडाखाली बसून गौराईची गाणी म्हणतात. आज काठ रिकामा. मग एका बाईने खेळणाऱ्या लहान पोरांना हाका मारून मागे नेलं. लहान पोरांना मागे का नेतात? हेमांगीला उत्तर लगेच मिळालं, कारण ते तिच्याकडे आधीच होतं. तिने पिवळी बांधली.

मग दोन बायका बाभळीच्या आडोशाला आल्या, हातात दगड. ढेकळं नाही, दगड, दोन्ही हातांनी पोटाशी धरलेले. ठेवले आणि गेल्या. पुन्हा आल्या, पुन्हा दगड. हिरवी. खाली सविता धावली आणि रात्रीच देवळाच्या ओवरीत आणून ठेवलेल्या निंबझरीच्या टोपल्या काठावर आल्या, गौराई अजून घरात असताना. असं आजवर कधी झालं नव्हतं.

ते पलीकडून दिसलं असणार. कारण थोड्याच वेळात कुसुमखेड्याच्या पोरी घोळक्याने काठावर आल्या, टोपल्यांकडे बोट दाखवून काही बोलल्या आणि मागे पळाल्या. परत आल्या तेव्हा त्यांच्याही ओच्यात काहीतरी होतं. इकडच्या पोरींनी ते पाहिलं. सविताने वर ओरडून विचारलं, त्यांच्याकडे दगड आहेत का? हेमांगी म्हणाली, आहेत. खोटं नव्हतं ते. तिने डोळ्यांनी पाहिले होते. मग इकडच्याही टोपल्यांतली ढेकळं खाली ओतली गेली आणि नाल्यातले गोटे भरले जायला लागले. कोणी सांगितलं नव्हतं. निळी बांधायच्या आधीच दोन्ही काठांवर दोन रांगा उभ्या होत्या, आणि गाणं कुठेच नव्हतं.

हेमांगीने निळी बांधली. आपण सांगितलं तसं गाव हलतंय, ह्याचा एक आनंद असतो. तो तिला झाला. खरं बोलायचं तर खूप झाला.

तेवढ्यात बाभळीआड एक बाई डोक्यावर मोठं गोल काहीतरी घेऊन आली, वर काळं फडकं झाकलेलं. ती ते दगडांजवळ अगदी जपून उतरवत होती. वारा आला आणि फडकं उडालं.

खापर होतं ते. पुरणाचे मांडे भाजायचं, घमेल्याएवढं मातीचं खापर. आणि दगड तीन-तीन मांडलेले. चुली. सहा-सात चुली ओळीने. लहान पोरांना का मागे नेलं, तर जाळाजवळ येऊ नयेत म्हणून. बायका काठावर का नव्हत्या, तर त्या घरी कणीक तिंबत होत्या. त्या खापराजवळ सुलक्षणा बसली होती, निळ्या ड्रेसमध्ये, हातांना कोपरापर्यंत पीठ. शेजारी चारुलता. चारुलता मांडा हातावर फिरवून मोठा करत होती आणि सुलक्षणाला जमत नव्हतं, तो फाटत होता आणि दोघी हसत होत्या, कपाळाला कपाळ लावून.

अस्वल. टाकीच्या जिन्यावर हेमांगीला सगळं एकदम कळलं. कुंपणावर चढलेलं ते अस्वल होतं.

आता काय करायचं हे तिला पाठ होतं. भाषणाचा शेवटच तो होता. पण तिच्या मांडीवर न वापरलेली एकच ओढणी उरली होती, आणि ती लाल होती, काठाला बारीक आरसे असलेली, आणि तिच्या जोडीची ओढणी जिच्यासाठी घेतली ती समोर दुसरीच्या खांद्यावर डोकं टाकून हसत होती. हेमांगीने ती ओढणी हातात घेतली. बांधायची नाही असं तिने ठरवलं नव्हतं. नुसती बांधली, तर काय होईल? गोटे जातील. सुलक्षणा मागे आहे, चुलीजवळ, बाभळीआड. तिला नाही लागणार. चारुलता तेवढ्यात उठून काठाकडे आली होती, काय चाललंय बघायला. ती अगदी पुढे उभी होती, उंच, सहज दिसणारी. कोणी हेमांगीला बोल लावला नसता. दगड होते, तिने सांगितलं. बस.

तिने गाठ मारायला टोक कठड्याभोवती फिरवलंसुद्धा. आरसे उन्हात चमकले. खाली रांगेतल्या पोरींनी मान वर केली, आणि तिला त्यांच्या मुठी दिसल्या. सविताच्या मुठीत तिच्या मुठीहून मोठा गोटा होता. सविता आठ वर्षांची. काल ती पुन्हा अस्वल कर म्हणत होती.

हेमांगीने लाल ओढणी सोडवून गळ्यात घातली आणि निळी काढून पांढरी बांधली.

काही झालं नाही. म्हणजे कोणी हललं नाही. दोनवरून एकदम पाचवर जाता येतं हे तिने कोणाला शिकवलंच नव्हतं. खालून सविता ओरडली की ताई, निळी पडली, नीट बांध. हेमांगीने वरून सांगायचा प्रयत्न केला, पण तोवर पलीकडून कोणीतरी पहिली शिवी दिली होती, गौराईच्या आधीच, आणि ती गाण्यातली नव्हती. इकडून दुसरी गेली. आवाजावर आवाज चढला. टाकीवरून बोलणाऱ्या मुलीला कोण विचारतं?

ती जिना उतरली, अर्धा धावत, अर्धा घसरत. रांगेतून घुसली आणि सरळ नाल्यात उतरली. नाला उन्हाळ्याचा, कोरडा, मधे थोडं डबकं. त्या डबक्याच्या कडेला, दोन गावांच्या बरोबर मधे, अबोल्याच्या दिवशी, पिंप्राळ्याची हेमांगी उभी राहिली. तिने तोंड कुसुमखेड्याकडे केलं आणि बेबाबाईला हाक मारली.

"मावशी, ते दगड चुलीचे आहेत ना? आमच्या पोरींना सांगा. मी चुकीचं सांगितलं."

अबोल्याच्या दिवशी पलीकडच्या बाईला हाक मारलेली कोणी ऐकली नव्हती. दोन्हीकडे एकदम शांत झालं. त्या शांततेत निंबझरीच्या काठावरून एक ढेकूळ आलं आणि हेमांगीच्या खांद्यावर फुटलं. भुसभुशीत, नियमातलं, निम्मं हवेतच विरघळलेलं. ते द्रौपदा अक्काने टाकलं होतं. आत्ताच घरून गौराई डोक्यावर घेऊन आली होती, आणि नाल्यात कोण मधे उभं आहे हे तिला चष्म्याशिवाय दिसलं नव्हतं.

"मधमा काय कराले उनी वं तू?" अक्काने विचारलं. मधे काय करायला आलीस? मग तिची नजर टोपल्यांकडे गेली. तिने एक टोपली पायाने कलती केली, आतले गोटे बघितले, आणि गौराई तशीच डोक्यावर ठेवून रांगेतल्या प्रत्येकीकडे एकेक करून पाहिलं. टोपल्या आपोआप रिकाम्या झाल्या.

पलीकडून बेबाबाईचा आवाज आला, आणि तो सुरात होता. निंबझरीच्या बायका इतक्या भुकेल्या, की चूल पेटायच्या आत टोपल्या घेऊन आल्या. कोणीतरी फिस्कन हसलं. अक्काने उत्तर दिलं की कुसुमखेड्याची चूल पेटते कधी, हे बघायलाच आलोय, पन्नास वर्षं झाली. मग काय, गौराई बाजूला राहिली आणि दोघी सुटल्या. हेमांगीने खांद्यावरची माती झटकली आणि काठावर जाऊन बसली. तिला टाळ्या आठवल्या, वक्तृत्व स्पर्धेतल्या. इथे कोणी टाळी वाजवली नाही. सविता येऊन तिला चिकटून बसली आणि विचारत राहिली की आता कितवी पायरी आहे.

शिव्या संपल्यावर कुसुमखेड्याच्या बायकांनी निंबझरीला जेवायला बोलावलं. त्यासाठीच सगळ्या चुली होत्या. शिव्या देऊन घसे सुकतात, मग दोन्ही गावांनी काठावरच बसून मांडे आणि रस खायचा, असं त्यांनी ह्या वर्षी ठरवलं होतं. कल्पना कोणाची? चारूची. अर्थातच चारूची. चांगली कल्पना सुचायला दुसरं कोणी मिळालं नाही का, असं हेमांगीला वाटलं, आणि मांडा मात्र तिने तीन वेळा मागून घेतला. तोंडात विरघळत होता मेला.

सुलक्षणा तिच्याशेजारी येऊन बसली. केसात पीठ.

"पहिला झोका कोणाबरोबर?" हेमांगीने विचारलं. तिला आता पुन्हा बघू हे उत्तर नको होतं.

"चारूबरोबर," सुलक्षणा म्हणाली. "मी तिला महिन्यापूर्वीच शब्द दिलाय. तुला सांगायची हिंमत झाली नाही. हेमे, तू वर्षातून आठ दिवस येतेस. ती रोज असते."

हेमांगीने रसाची वाटी उचलली. एका दमात संपवली.

"दुसरा तुझा," सुलक्षणा म्हणाली.

"मला नको दुसरा."

"मग तिसरा घे. सविता तयार आहे."

हेमांगीला हसू आलं आणि त्याचा राग आला. एवढ्यात चारुलता रसाची बादली घेऊन आली आणि हेमांगीची वाटी भरायला वाकली. सुलक्षणा कोणाच्या तरी हाकेला उठून गेली होती.

"मी खालून बघत होते," चारुलता हळू आवाजात म्हणाली. "लाल ओढणी बराच वेळ तुझ्या हातात होती."

हेमांगीच्या हातातली वाटी तशीच राहिली. आता ही सगळ्यांना सांगणार. सुलक्षणाला तर आधी. पण चारुलताने बादली उचलली आणि जाता जाता म्हणाली, "नाल्यात उतरलीस तेव्हा मात्र एकदाही हातवारे केले नाहीस." आणि गेली. कोणाला काही सांगितलं नाही, तेव्हाही नाही आणि नंतरही नाही. आता अशा मुलीचा धड द्वेषही करता येईना. हेमांगीला ते सगळ्यात जास्त लागलं.

ऊन उतरल्यावर लिंबाखाली गर्दी झाली. झोका धरून सुलक्षणा उभी होती. हेमांगीने घरातून बॅगेतली दुसरी लाल ओढणी आणली आणि तिच्या गळ्यात टाकली. सुलक्षणाने आरशांवरून बोट फिरवलं, हेमांगीच्या गळ्यातल्या ओढणीकडे पाहिलं आणि तिचे डोळे भरले. तिसरी ओढणी नव्हती. असती तरी चारुलताला दिली नसती, हे हेमांगीने स्वतःशी कबूल केलं आणि तिला जरा बरं वाटलं.

दोघी फळीवर चढल्या. समोरासमोर, चार पावलं. झोका द्यायला कोणीतरी हवं होतं, आणि सगळ्यांनी हेमांगीकडे पाहिलं. तिने पदर खोचावा तशी ओढणी कमरेला खोचली, फळी मागे ओढली आणि सोडली. गरजेपेक्षा थोडी जास्तच जोरात. वर चारुलताने डोळे गच्च मिटून दोर घट्ट धरले, सुलक्षणा किंचाळली, खालच्या बायकांनी डोळ्यांवर हात घेतले. लाल ओढणी लिंबाच्या पानांत जाऊन आली.

सविताने पुन्हा विचारलं, ताई, आता कितवी?

हेमांगीने परत येणारी फळी दोन्ही हातांनी अडवली, क्षणभर धरून ठेवली आणि पुन्हा ढकलली, ह्या वेळी बेताने.

"चार," ती म्हणाली. "पाचवर यायला दिवाळी उजाडेल."